उज्र, माफी आणि न्यायाधीशाची अमानत



क्षमा हा अल्लाहला अत्यंत प्रिय असलेला गुण आहे. तो स्वतः गफूर आणि रहीम आहे, आणि त्याच्या दासांनीही एकमेकांना माफ करावे अशी त्याची शिकवण आहे. परंतु क्षमेविषयीचा एक प्रश्न आपल्या लक्षात सहसा येत नाही. क्षमा करण्याचा अधिकार कोणाचा? ज्याचा हक्क बुडाला त्याचा. सूरह अल-बकराच्या २८० व्या आयतीत अडचणीत सापडलेल्या कर्जदाराला हात मोकळा होईपर्यंत सवड देण्याची आज्ञा आहे, आणि कर्ज सोडूनच दिले तर ते अधिक चांगले, असेही तेथे सांगितले आहे. ही सवड देणारा माणूस स्वतःच्या पैशातून देतो. म्हणून ती नेकी ठरते, सदका ठरते.

न्यायाधीशाची गोष्ट वेगळी आहे. न्यायालयात मुदत उलटून गेल्यावर आलेल्या पक्षकाराचा उशीर न्यायाधीश जेव्हा माफ करतो, तेव्हा तो स्वतःच्या खिशातून काहीही देत नाही. तो देतो ते समोरच्या पक्षकाराच्या हक्कातून. ही माफी अनेकदा आवश्यक असते, न्याय्यही असते. परंतु दुसऱ्याच्या मालकीच्या वस्तूतून दान करणाऱ्याने हिशेब दिला पाहिजे. उशीर का माफ केला, कोणते कारण पटले, ते कोणत्या पुराव्यावरून पटले, हे लिहून सांगणे म्हणजे तो हिशेब होय. या हिशेबाविषयी इस्लामची शिकवण काय आहे आणि आपल्या देशाचा कायदा काय सांगतो, याचा विचार या लेखात करावयाचा आहे.

मुदत आणि माफी

प्रथम कायद्याची व्यवस्था थोडक्यात समजून घेऊ. भारतात १९६३ चा मुदतीचा कायदा लागू आहे. दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याविरुद्ध उच्च न्यायालयात अपील करण्यास ९० दिवसांची आणि अन्य न्यायालयात अपील करण्यास ३० दिवसांची मुदत त्यात दिलेली आहे. निकालाची प्रमाणित नक्कल मिळण्यास जो आवश्यक वेळ लागतो तो या मुदतीतून वगळला जातो. तरीही कोणी मुदतीत पोहोचू शकला नाही, तर कलम ५ प्रमाणे त्याला विलंब माफीचा अर्ज करता येतो. अपील किंवा अर्ज वेळेत न करण्यास आपल्याजवळ पुरेसे कारण होते, याविषयी त्याने न्यायालयाचे समाधान करावयाचे असते. दिवाणी अपिलात असा अर्ज प्रतिज्ञापत्रासह द्यावा लागतो. म्हणजे कारण शपथेवर सांगावे लागते.

येथे कायद्याने दोन जबाबदाऱ्या ठेवल्या आहेत. उशिरा येणाऱ्याने कारण सांगायचे, आणि न्यायालयाने त्या कारणाविषयी स्वतःचे समाधान करून घ्यायचे. पहिली जबाबदारी सर्वांना ठाऊक आहे. दुसरी मात्र अनेकदा विसरली जाते.

कल्पना करा की एका भगिनीच्या वडिलांचे निधन झाले. अल्लाहने सूरह अन-निसामध्ये मुलीचा वाटा ठरवून दिलेला असतानाही भावांनी तिला जमिनीत हिस्सा दिला नाही. वर्षानुवर्षे तारखांना हजर राहून, दागिने मोडून वकिलाची फी भरून तिने अखेर हुकूमनामा मिळवला. अपिलाची मुदत संपली. तिने सुटकेचा श्वास घेतला, मुलीच्या लग्नाचा विचार सुरू केला. आणि दोन वर्षांनी भावांचे अपील दाखल झाले, सोबत विलंब माफीचा अर्ज. अर्जात म्हटले आहे की कागदपत्रे गहाळ झाली होती. भगिनीने लेखी उत्तर दिले की याच दोन वर्षांत त्याच कागदांच्या आधारे भावांनी त्या जमिनीवर कर्ज काढले. न्यायालयाने दोन ओळींचा आदेश दिला : उभय पक्षांचे ऐकले, कारण पुरेसे वाटते, विलंब माफ.

या आदेशाने तिचे काय गेले? जमीन अजून गेलेली नाही. अपिलात ती कदाचित पुन्हा जिंकेलही. परंतु आपले उत्तर कोणी वाचले की नाही, हे तिला कळत नाही. कर्जाची बाब खोटी ठरली की निरर्थक ठरली, हेही कळत नाही. वरच्या न्यायालयात दाद मागायची तर चूक कोठे झाली म्हणून दाखवायचे? आदेशात बोट ठेवायला जागाच नाही. पराभव माणूस सहन करू शकतो. आपले म्हणणे कोणाच्या कानापर्यंत पोहोचलेच नाही, ही शंका मात्र त्याचा न्यायावरचा विश्वास पोखरते.

हुदहुदचा उशीर

पवित्र कुरआनच्या सूरह अन-नम्लमध्ये हजरत सुलेमान (अ.) यांची एक घटना आली आहे. त्यांनी पक्ष्यांच्या तुकडीची पाहणी केली, तेव्हा हुदहुद गैरहजर असल्याचे आढळले. हजरत सुलेमान (अ.) हे प्रेषित होते आणि बादशाहही होते. त्यांची सत्ता अशी की मनुष्य, जिन्न आणि पक्षी त्यांच्या सैन्यात होते. त्यांनी जाहीर केले की हुदहुदला कठोर शिक्षा होईल किंवा त्याचा वधही होईल. परंतु याच वाक्यात त्यांनी तिसरी शक्यताही ठेवली, ती अशी की त्याने आपल्यापुढे स्पष्ट प्रमाण आणावे (आयत २१).

हुदहुद थोड्याच वेळात आला आणि त्याने कारण सांगितले. तो सबा देशातून खात्रीची बातमी घेऊन आला होता. तेथे एक राणी राज्य करते आणि तिची प्रजा अल्लाहला सोडून सूर्याला सजदा करते, असे त्याने सांगितले. कारण मोठे होते, महत्त्वाचे होते, आणि ऐकणाऱ्याला भावणारेही होते. एका प्रेषिताला दीनच्या प्रचाराची याहून मोठी संधी कोणती? तरीही हजरत सुलेमान (अ.) यांनी तेथल्या तेथे त्याला निर्दोष ठरवले नाही. त्यांनी सांगितले की तू खरे बोललास की खोट्यांपैकी आहेस, हे आम्ही पाहू (आयत २७). आणि मग पत्र देऊन त्यालाच पाठवले, जेणेकरून बातमीची सत्यता सिद्ध व्हावी.

वाचकहो, या लहानशा प्रसंगात न्यायदानाची केवढी मोठी शिस्त आहे! उशीर करणाऱ्याला कारण सांगण्याची संधी मिळाली. कारण ऐकण्यापूर्वी शिक्षा झाली नाही. कारण ऐकताच माफीही झाली नाही. कारण कसे तपासले जाईल, हे उघडपणे सांगितले गेले. एका पक्ष्याच्या गैरहजेरीबाबत एवढी दक्षता, तर ज्या आदेशावर एखाद्या कुटुंबाचे छप्पर, एखाद्या विधवेची जमीन अवलंबून आहे, त्या आदेशाबाबत किती दक्षता हवी?

तबूकची शिकवण

उज्र आणि माफी यांचा सर्वांत सविस्तर विचार सूरह अत्-तौबामध्ये तबूकच्या मोहिमेच्या संदर्भात आला आहे. हिजरी सन ९ मधील ही मोहीम. कडक उन्हाळा, लांबचा प्रवास, साधनांची टंचाई. अनेकांनी मागे राहण्याची परवानगी मागितली आणि दयाळू स्वभावाच्या प्रेषित मुहम्मद (स.) यांनी ती दिली. त्यावर अल्लाहने आपल्या प्रेषितांना अत्यंत ममतेने, प्रारंभीच माफीचा उल्लेख करून, विचारले की खरे कोण आणि खोटे कोण हे स्पष्ट होण्याआधीच आपण त्यांना परवानगी का दिली (आयत ४३).

ही आयत वाचताना आपले मस्तक आदराने झुकले पाहिजे. ज्यांची दया साऱ्या जगासाठी आहे, त्यांनाही अल्लाहने हे शिकवले की सवलत देण्यापूर्वी खरे-खोटे स्पष्ट होऊ द्यावे. मग ज्यांच्याकडे वही (ईशसंदेश) येत नाही, अशा सामान्य न्यायाधीशांनी केवळ अंदाजाने किंवा सवयीने माफी देऊन कसे चालेल?

मात्र याच सूरहमध्ये खऱ्या अडचणींना पूर्ण मान्यता आहे. दुर्बल, आजारी आणि खर्चासाठी काहीही नसलेले लोक, जर ते अल्लाह व त्याच्या प्रेषिताशी प्रामाणिक असतील, तर त्यांच्यावर कोणताही दोष नाही, असे आयत ९१ मध्ये सांगितले आहे. पुढच्याच आयतीत अशा लोकांचा उल्लेख आहे जे वाहन मागायला आले, वाहन उपलब्ध नसल्याचे कळल्यावर परत फिरले, आणि त्यांच्या डोळ्यांतून अश्रू वाहत होते. अल्लाहने त्यांना माफ केले, आणि कोणाला व का माफ केले हेही सांगितले. आजार, दुर्बलता, निर्धनता, आणि त्या सर्वांसोबत निष्ठा. माफीची कारणे कियामतपर्यंत वाचली जाणाऱ्या ग्रंथात नोंदवली गेली.

मोहिमेहून परतल्यावर ऐंशीहून अधिक लोकांनी येऊन शपथेवर सबबी सांगितल्या. प्रेषितांनी (स.) त्यांचे बाह्य म्हणणे स्वीकारले आणि अंतःकरणाचा मामला अल्लाहवर सोपवला. येथे त्यांच्या सबबीमुळे कोणा तिसऱ्या माणसाची मालमत्ता हिरावली जात नव्हती; प्रश्न त्यांचा आणि त्यांच्या पालनकर्त्याचा होता. हजरत कअब बिन मालिक (रजि.) मात्र वेगळे वागले. ते उत्तम वक्ते होते, मनात आणले असते तर पटण्यासारखी सबब सांगू शकले असते. त्यांनी स्पष्टपणे कबूल केले की आपल्याजवळ काहीही उज्र नव्हते. त्यांच्याशी आणि त्यांच्यासारखेच खरे बोललेल्या आणखी दोन सहाबींशी समाजाने पन्नास दिवस बोलणे बंद केले. त्यानंतर त्यांची तौबा कबूल झाल्याची आयत (११८) अवतरली. खोट्या शपथा घेणाऱ्यांची अब्रू त्याच सूरहने उघडी पाडली, आणि खरे बोलणाऱ्यांचा सन्मान आजही तिलावतीत ऐकू येतो.

ज्याला जाब विचारता येत नाही, तोही कारण सांगतो

अल्लाह जे करतो त्याबद्दल त्याला जाब विचारणारा कोणी नाही, असे सूरह अल-अंबियाच्या २३ व्या आयतीत सांगितले आहे. तो मालक आहे. त्याने केवळ आज्ञा दिली असती आणि कारण सांगितले नसते, तरी आज्ञापालन आपल्यावर बंधनकारकच होते. तरीही पवित्र कुरआन उघडून पाहा. रमजानमध्ये आजारी आणि प्रवासी यांना रोजे नंतर पूर्ण करण्याची सवलत दिली, आणि लगेच कारण सांगितले की अल्लाह तुमच्यासाठी सुलभता इच्छितो, अडचण इच्छित नाही (अल-बकरा : १८५). उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याची आज्ञा दिली, आणि कारणही सांगितले की हे अधिक न्याय्य आहे, साक्षीला बळ देणारे आहे आणि संशय दूर ठेवणारे आहे (अल-बकरा : २८२). प्रेषित का पाठवले, याचेही कारण सांगितले, ते हे की लोकांजवळ अल्लाहपुढे मांडायला कोणतीही सबब उरू नये (अन-निसा : १६५).

ज्याच्यावर कोणाचाही अधिकार चालत नाही, तो आपल्या दासांना कारण सांगतो. मग ज्याला एके दिवशी स्वतः जाब द्यायचा आहे, त्या न्यायाधीशाला कारण सांगण्याचे ओझे का वाटावे?

प्रेषितांनी (स.) न्यायाधीशांचे तीन प्रकार सांगितले. एक जन्नतमध्ये जाईल, दोन जहन्नममध्ये. ज्याने सत्य ओळखले आणि त्याप्रमाणे निवाडा केला, तो जन्नतमध्ये. ज्याने सत्य ओळखूनही अन्याय केला, तो जहन्नममध्ये. आणि ज्याने सत्य जाणून न घेताच लोकांचा निवाडा केला, तोही जहन्नममध्ये (अबू दाऊद). तिसऱ्या प्रकाराचा विचार करा. त्याने लाच घेतली, असे हदीसमध्ये म्हटलेले नाही. त्याचा गुन्हा एवढाच की त्याने न जाणता निर्णय दिला. कारण लिहायला बसलेल्या माणसाला जाणून घ्यावेच लागते. किती दिवसांचा उशीर, त्यांपैकी कोणत्या दिवसांचा खुलासा झाला, समोरच्याने काय हरकत घेतली, ही वाक्ये लिहिताना हात अडला तर न्यायाधीशाला स्वतःच कळते की आपले समाधान अजून झालेले नाही. अशा प्रकारे कारणलेखन हे प्रथम न्यायाधीशाच्याच ईमानचे रक्षण करते.

हजरत अली (रजि.) यांना यमनमध्ये न्यायदानासाठी पाठवताना प्रेषितांनी (स.) सांगितले की पहिल्याचे जसे ऐकले तसे दुसऱ्याचे ऐकल्याशिवाय निवाडा करू नका (अबू दाऊद, तिर्मिजी). ऐकणे म्हणजे केवळ बोलू देणे नव्हे. दुसऱ्याचे म्हणणे ऐकले, याचा पुरावा आदेशात दिसावा लागतो. ज्या आदेशात हरकतीचा उल्लेखही नाही, तो आदेश एकाच बाजूचे ऐकून दिल्यासारखा असतो.

हजरत उमर (रजि.) यांनी हजरत अबू मूसा अशअरी (रजि.) यांना न्यायदानाविषयी लिहिलेले पत्र प्रसिद्ध आहे. दोन्ही पक्षांना नजरेत आणि बैठकीत समान लेखा, असे त्यात आहे. त्यातच मुदतीचाही नियम आहे. जो म्हणतो की माझा पुरावा आज येथे नाही, त्याला ठरावीक मुदत द्या. त्या मुदतीत पुरावा आणला तर त्याचा हक्क त्याला द्या, अन्यथा त्याच्याविरुद्ध निवाडा करा. आणि हा नियम का, तेही हजरत उमर (रजि.) यांनी लिहिले. याने कोणाला सबब उरत नाही आणि संदिग्धता दूर होते.

पुढील काळात १८६९ ते १८७६ या वर्षांत उस्मानी राज्यात हनफी फिकहच्या आधारे मजल्लाह हा दिवाणी कायदा तयार झाला. त्यात बहुतेक दाव्यांसाठी १५ वर्षांची मुदत होती. कलम १६६३ मध्ये कोणता काळ मुदतीत मोजायचा नाही हे सांगितले होते. दावेदार अज्ञान बालक असेल, वेडा असेल, दूर देशी असेल किंवा प्रतिवादी जुलमी बलाढ्य असेल, तर तो काळ सोडून द्यायचा. पाहा, सवलत होती, परंतु तिची कारणे नावानिशी सांगितलेली होती.

आपल्या न्यायालयांचे म्हणणे

आपल्या देशाच्या सर्वोच्च न्यायालयानेही वेळोवेळी हेच बजावले आहे. १९६१ मध्ये रेवा कोलफिल्ड्सच्या प्रकरणात त्याने म्हटले की मुदत संपल्यावर जिंकलेल्या पक्षाला एक हक्क प्राप्त होतो आणि तो सहजासहजी हिरावून घेता येत नाही. त्या प्रकरणात उशीर फक्त एका दिवसाचा होता, कारण आजारपणाचे होते, आणि तो माफ झाला. १९८७ मध्ये अनंतनागच्या जिल्हाधिकाऱ्यांच्या प्रकरणात चार दिवसांचा उशीर माफ करताना न्यायालयाने उदार दृष्टीचा आग्रह धरला, तांत्रिकतेपेक्षा खऱ्या न्यायाला महत्त्व द्यावे असे सांगितले.

या उदारतेचा अर्थ काहींनी असा लावला की उशीर माफच करायचा असतो, कारण विचारण्याची गरज नाही. परंतु १९९७ मध्ये केरळ राज्याच्या एका प्रकरणात उच्च न्यायालयाने ५६५ दिवसांचा उशीर माफ केला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. खुलासा वाजवी किंवा समाधानकारक आहे, असे समाधान उच्च न्यायालयाने नोंदवलेच नव्हते, आणि ते नोंदवणे ही माफीची आवश्यक पूर्वअट आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. २०१२ मध्ये मुंबई महानगरपालिकेच्या एका प्रकरणातही मुंबई उच्च न्यायालयाने दिलेली सात वर्षांहून अधिक विलंबाची माफी सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. २०१० मधील एका निकालात त्याने सर्वच न्यायिक आदेशांबाबत म्हटले की कारणे नोंदवणे हा मनमानीवरचा लगाम आहे, आणि शिक्का मारावा तशी ठोकळेबाज कारणे ही कारणे नव्हेत.

दुसरी बाजूही न्यायालयाने सोडलेली नाही. १९९८ मध्ये त्याने ८८३ दिवसांच्या उशिराला दिलेली माफी कायम ठेवली आणि सांगितले की उशिराची लांबी महत्त्वाची नाही, खुलासा पटण्याजोगा आहे की नाही हे महत्त्वाचे. २०२३ मध्ये ४७९ दिवसांची माफी कायम ठेवताना खुलासा आणि सबब यांत फरक करावा, असे सांगितले. कोरोनाच्या काळात तर सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा सगळा काळ मुदतीतून वगळला. सर्वांसाठी सवलत, आणि कारणही सर्वांना दिसणारे.

यावर कोणी म्हणेल की न्यायालयांवर कामाचा प्रचंड भार आहे, प्रत्येक किरकोळ अर्जावर निबंध कसे लिहायचे? निबंध कोणी मागत नाही. उशीर किती, कारण काय, पुरावा कोणता, हरकत काय, आणि तरीही कारण का पटले, एवढी पाच वाक्ये पुरेशी आहेत. आणि उदारतेचा प्रश्न असेल, तर उदारता आणि मौन या भिन्न गोष्टी आहेत. खरे कारण असलेल्या गरिबाला कारणे नोंदवण्याची भीती नसते. उलट त्याला मिळालेली माफी वरच्या न्यायालयातही टिकते, कारण तिच्या पाठीशी तिचे कारण उभे असते. माफी नाकारतानाही हाच नियम आहे. रुग्णालयात पडून असलेल्या मजुराचा अर्ज एका ओळीत फेटाळणे हाही त्याच्या अश्रूंकडे पाठ फिरवण्याचाच प्रकार होय.

आपले काय?

वाचकहो, न्यायाधीशांच्या जबाबदारीची चर्चा करणे सोपे आहे. आता आपल्याकडे पाहू.

पहिली गोष्ट वेळेची. नमाज ही ईमानधारकांवर ठरावीक वेळेत फर्ज आहे (अन-निसा : १०३). दिवसातून पाच वेळा वेळ पाळण्याचे शिक्षण घेणाऱ्या समाजाने न्यायालयाच्या तारखांबाबत बेफिकीर असू नये. निकाल लागताच नक्कल मागवा, वकिलांना भेटा, मुदतीची शेवटची तारीख घरात लिहून ठेवा. कलम ५ ची माफी अपिलाला आणि अर्जाला आहे, मूळ दाव्याला नाही, हेही ध्यानात ठेवा. वक्फच्या विश्वस्तांनी तर विशेष जागरूक राहिले पाहिजे. १९९५ च्या वक्फ कायद्याच्या कलम १०७ मुळे वक्फच्या स्थावर मिळकतीच्या ताब्याच्या दाव्यांना मुदतीचा कायदा लागू नव्हता. २०२५ च्या दुरुस्तीने ते कलम काढून टाकले आहे. आपल्या पूर्वजांनी अल्लाहच्या नावाने सोडलेली जमीन आपल्या आळसापायी जाऊ नये.

दुसरी गोष्ट सत्याची. उशीर झालाच, तर प्रतिज्ञापत्रात खरे कारण लिहा. ओळखीच्या डॉक्टरकडून आजारपणाचा खोटा दाखला आणणे ही आपल्याकडे किरकोळ बाब समजली जाते. परंतु ती खोटी साक्ष आहे, आणि प्रेषितांनी (स.) खोट्या साक्षीची गणना सर्वांत मोठ्या गुन्ह्यांत केली आहे. त्यांनी हेही सांगितले की मी एक मनुष्य आहे, तुमच्यापैकी एखादा आपली बाजू अधिक प्रभावीपणे मांडेल आणि मी ऐकले त्याप्रमाणे निवाडा देईन. परंतु त्यात कोणाला त्याच्या भावाचा हक्क मिळाला, तर तो त्याने घेऊ नये, कारण तो आगीचा तुकडा आहे (बुखारी, मुस्लिम). खोट्या दाखल्यावर मिळालेली माफीही असाच तुकडा आहे, मग न्यायालयाच्या आदेशात कितीही सुंदर कारणे लिहिलेली असोत.

तिसरी गोष्ट आपल्या निवाड्यांची. आपल्या जमाती, मशिदींचे विश्वस्त मंडळ, कुटुंबातील वडीलधारे हे सारेच अधूनमधून न्यायाधीश होतात. महरची रक्कम देण्यास नवऱ्याला आणखी मुदत, वाटणी करण्यास मोठ्या भावाला आणखी एक वर्ष, हिशेब देण्यास विश्वस्ताला आणखी सहा महिने, अशा सवलती आपण बैठकीत सहज देऊन टाकतो. ती सवलत आपण कोणाच्या हक्कातून देत आहोत? जिचा महर थकला आहे तिला विचारले का? मुदत का वाढवली, हे तिला सांगितले का? माणूस सज्जन आहे, ओळखीचा आहे, म्हणून मुदत वाढवली असेल, तर ते कारण कागदावर लिहून पाहा. लिहिताना संकोच वाटला, तर समजा की ते कारण न्यायाचे नाही. सूरह अन-निसाच्या १३५ व्या आयतीने आपल्याला न्यायावर खंबीर उभे राहण्याची आज्ञा दिली आहे, मग ते स्वतःच्या, आई-वडिलांच्या किंवा नातेवाइकांच्या विरुद्ध का असेना. म्हणून जमातीच्या इतिवृत्तात निर्णयासोबत कारणही लिहा आणि ज्याच्याविरुद्ध निर्णय गेला त्याला त्याची प्रत द्या.

शेवटी, ज्या भावांनी बहिणीचा वाटा दाबून ठेवला आहे आणि आता मुदत संपली म्हणून जे निश्चिंत झाले आहेत, त्यांच्यासाठी मजल्लाहच्या कलम १६७४ मधील तत्त्व सांगण्यासारखे आहे. केवळ काळ लोटल्याने हक्क नष्ट होत नाही. मुदत ही न्यायालयाच्या दाराला असते. अल्लाहच्या दरबारात बहिणीच्या तक्रारीला कोणतीही मुदत नाही. तेथे विलंब माफीचा अर्ज करावा लागत नाही, आणि तेथे सबबही चालत नाही. मनुष्य कितीही सबबी पुढे करो, तो स्वतःच स्वतःविरुद्ध साक्षी असेल, असे सूरह अल-कियामाने आपल्याला आधीच कळवले आहे (आयत १४ व १५). त्या दिवशी न्यायाधीशाला त्याच्या प्रत्येक आदेशाचे कारण विचारले जाईल, पक्षकाराला त्याच्या प्रत्येक शपथेचे, आणि आपल्याला आपण दिलेल्या प्रत्येक सवलतीचे.

अल्लाह आपल्या न्यायदान करणाऱ्यांना सत्य जाणून घेण्याची आणि ते स्पष्टपणे सांगण्याची शक्ती देवो. आपल्या जिभा खोट्या सबबींपासून सुरक्षित ठेवो. जे खरोखर लाचार आहेत त्यांच्या अडचणी समजून घेणारी मने आपल्याला देवो, आणि दुसऱ्याच्या हक्काला हात लावण्यापूर्वी थांबून विचार करणारी बुद्धीही देवो. आमीन.